एकतीस चेहऱ्यांची टोपी

सोल,
आठवा महिना, १९५९

प्रिय गान्नान,

पार्सलमधली गवताची टोपी आधी उंच फळीवर ठेव. डोक्यावर घालू नकोस, शेजारच्या कुणाला उन्हात जायला देऊ नकोस आणि चुलीजवळ तर मुळीच नेऊ नकोस, भडकन पेट घेईल. ती का पाठवली ते सांगते, पण आधी मला मनसोक्त रागावून घेऊ दे. चार दिवस मी घरात एकटीच भांडी आदळतेय आणि भांड्यांना त्याचं काही सोयरसुतक नाही. तुला ऐकू येत नसलं तरी माझा राग सगळ्यात नीट तुलाच कळतो, हे मला लहानपणापासून माहीत आहे.

झालं असं, की मला एक पत्र आलं. जाड कागद, वर लाल शिक्का. आपल्या देशात सिनेमा निघायला लागला त्याला यंदा चाळीस वर्षं होतात म्हणे, म्हणून कुठली तरी समिती बसली आहे आणि ती चुसोकच्या सणानंतर मोठा समारंभ करणार आहे. त्यात 'सांजेचा मेणा'चा शेवटचा प्रसंग दाखवायचा आहे. दाखवणार काय, कपाळ? त्यांच्या लेखी त्या सिनेमाची एक फूट फिल्म कुणाकडे उरलेली नाही. म्हणून त्यांनी शक्कल काढली, की रंगमंचावर खराखुरा मेणा आणायचा आणि त्यात मला बसवायचं. लाल घागरा, हिरवा अंगरखा, डोक्यावर नवरीचा मुकुट, गालांवर लाल ठिपके. एक्कावन्न वर्षांची नवरी! इथवर मी हसत वाचत होते. पुढची ओळ तशीच्या तशी उतरवते: "श्री. मेंग दोक-जे आपल्या अजरामर वाणीत संवाद सादर करतील. श्रीमती सोल-मे यांनी फक्त ओठ हलवायचे आहेत."

फक्त! हा शब्द त्यांनी लिहिलाय, गान्नान, मी पदरचा घातलेला नाही. आयुष्यभर मी फक्त ओठच हलवले, नाही का! आणि त्या ओठांवर त्या माणसाने जे चिकटवलं ते आज तीस वर्षं माझ्या तोंडाला चिकटून बसलंय. "ओमोनी! तुझ्या या अभागी लेकीला क्षमा कर!" भाजीच्या बाजारात बायका मला ओळखतात आणि डोळ्यांना रुमाल लावून आईची क्षमा मागणारं हे वाक्य म्हणून दाखवतात. सासवा सुनांना माझा दाखला देतात. एका बाईने तर तिची लग्नाला नकार देणारी मुलगी हाताला धरून माझ्याकडे आणली होती, म्हणाली, "बाई, तुम्हीच हिला दोन शब्द सांगा, आईबापांची क्षमा मागणाऱ्या तुम्ही." मी त्या मुलीला सांगितलं, पळून जा. आई माझ्या अंगावर धावून आली.

मी तसं म्हटलंच नव्हतं. मी म्हटलं होतं, "नाही जाणार." दोन शब्द. त्यांचे त्याने सात केले आणि अर्थ उलटा केला.

आता तू म्हणशील, ताई, जुनी गोष्ट आहे, सोड. सोडायची कशी? आपल्या दोघींना सुरुवातीपासून दिलेलं काय, ते आठव. माझ्या आधी तीन मुली, त्यांतल्या दोघी दगावल्या आणि तिसरी दुसऱ्यांना देऊन टाकली. मग मी झाले तर आजोबांनी तोंड फिरवलं आणि नाव ठेवलं सोप्सोबी, म्हणजे हिरमोड. बारशाची कटकटच नको. तुझ्या वेळी तर तेवढाही विचार कुणी केला नाही. गान्नान, म्हणजे नुकतंच जन्मलेलं. नाव नाहीच ते, नुसती बातमी आहे. तुला नवव्या वर्षी ताप आला आणि कान गेले तेव्हा आजी म्हणाली होती, "बरं झालं, आपलं नाव ऐकायची तरी सुटली." मी तिच्या खाऱ्या कोळंबीच्या मडक्यात मूठभर राख टाकली होती. मार कुणी खाल्ला तेही तुला आठवत असेल.

त्यानंतर आपण दोघी बोलायला लागलो त्या आपल्या पद्धतीने. आवाज काढायचा नाही, कारण त्याचा उपयोग नाही. ओठ नीट उघडायचे, प्रत्येक अक्षर चेहऱ्यावर आणायचं, घाई करायची नाही. आई बाजारात कोळंबीची मडकी मांडायची आणि आपण मडक्यांच्या दोन टोकांना बसून गिऱ्हाइकांची टिंगल करायचो, मधे चाळीस माणसं असली तरी. गांगग्योंगच्या बंदरावर एवढा गलका, पण आपल्या दोघींइतक्या गप्पा कुणाच्या होत नसतील. पुढे सिनेमाच्या कंपनीत सगळे विचारायचे, सोल-मे, तुझा चेहरा इतका बोलका कसा, कुठे शिकलीस? मी म्हणायचे, कोळंबीच्या बाजारात. त्यांना वाटायचं मी थट्टा करतेय.

सतरा वर्षांची झाले तेव्हा त्या भातगिरणीवाल्याचं स्थळ आलं. पंचेचाळीस वर्षांचा विधुर, दोन मुलगे माझ्याहून मोठे. आई म्हणाली, "हिरमोड नावाच्या पोरीला याहून चांगलं काय मिळणार आहे?" ती वाईट नव्हती, हे मला आज कळतं. ती थकलेली होती. पण तेव्हा ते वाक्य मला असं काही लागलं, की दुसऱ्या दिवशी तू विहिरीवर गेल्याचं पाहून मी निघाले. तुला सांगितलं नाही, कारण तू माझ्या तोंडाकडे बघितलं असतंस तर सगळं वाचलं असतंस आणि मग मला जाता आलं नसतं. त्याचा राग तू किती वर्षं धरलास, माहीत आहे मला.

मग नाटक कंपनी. बायकांची कामं करणारे पुरुष होते तिथे, त्यांनी मला सहा महिने नुसतं त्यांचे पायमोजे धुवायला लावले. त्यातला एक म्हाताऱ्या राणीचं काम करायचा, तो म्हणायचा, "पोरी, बाई होणं बायकांचं काम नव्हे." मग सिनेमा आला आणि कॅमेरा इतका जवळ यायला लागला, की राणीच्या हनुवटीवरचे खुंट दिसायला लागले. तेव्हा गरज पडली आमची. दिग्दर्शक योम यांनी मला उचललं, सोल-मे हे नाव दिलं, हिमातलं फूल. हिरमोडचं हिमफूल झालं. आठ वर्षांत पाच सिनेमे केले मी. पाचही सिनेमांत शेवटी मरते, वेडी होते किंवा मेण्यात बसते.

मुका सिनेमा कसा बनायचा ते तुला एकदा पाटीवर लिहून सांगितलं होतं, तू पोट धरून हसली होतीस. कॅमेरावाला दांडा फिरवतोय, योमसाहेब ओरडतायत, "रडा! आता रागवा!" आणि नट तोंडाने वाटेल ते बोलतायत. कारण बोलणं कुणाला ऐकू जाणार? थिएटरात पडद्याशेजारी ब्योन्सा उभा असतो, कोट घालून, तो सगळ्यांचं बोलतो. बाईचं, बाप्याचं, म्हाताऱ्याचं, वाऱ्याचंसुद्धा. म्हणून आमचा हिरो बांग माझा हात हातात घेऊन, डोळ्यांत पाणी आणून म्हणायचा, "बुटात खडा आहे, लवकर आटप बाई." आणि थिएटरात त्याच तोंडावर ब्योन्सा म्हणायचा, "चंद्र विझेल पण माझं प्रेम विझणार नाही!" गांगग्योंगला तो सिनेमा आला तेव्हा सगळं थिएटर हुंदके देत होतं आणि तू एकटी खो खो हसत होतीस. लोकांनी तुला बाहेर काढलं, बिचारी बहिरी, तिला काय कळतंय म्हणून. त्या थिएटरात कळलेलं माणूस एकच होतं, त्याला बाहेर काढलं!

मी मात्र कधी वाटेल ते बोलले नाही. नवे नट हसायचे मला. पण मला माहीत होतं, की हा सिनेमा कधी ना कधी नदीवरून बोटीने गांगग्योंगला जाणार, आणि तिथे एक मुलगी पहिल्या रांगेत बसून माझे ओठ वाचणार. मी प्रत्येक शब्द तुझ्यासाठी बोलत होते, गान्नान. बाकी सगळ्यांसाठी तो मेंग होता.

तो ब्योन्सा मेंग! थिएटरात तो रिक्षातून यायचा आणि आम्ही नट चिखलातून. जाहिरातीवर त्याचं नाव भोपळ्याएवढं आणि माझं मुगाएवढं. तो खोकला तरी लोक टाळ्या वाजवायचे. पहिल्या खेळाच्या दुपारी मी मागे उभी राहून 'सांजेचा मेणा' बघत होते. मेण्याचा पडदा बाजूला होतो, माझा चेहरा अख्ख्या पडद्यावर येतो, माझे ओठ हलतात, आणि त्या माणसाने गळा काढला, "ओमोनी! तुझ्या या अभागी लेकीला..." बायकांच्या बाकांवरून एकच आक्रोश उठला. मी आत जाऊन त्याला गाठलं. म्हटलं, मेंगसाहेब, मी असं बोललेले नाही. तो रुमालाने मान पुसत म्हणाला, "सोल-मेबाई, मागे दिवा घेऊन कोण बसलाय, पाहिलंत का?" जपानी पोलीस बसलेला असायचा, हे खरं. शब्द आवडला नाही की शिट्टी वाजवायचा आणि खेळ बंद. "नाही जाणार, असं मी या देशात या दिवसांत भर थिएटरात ओरडू? सातशे माणसं एका सुरात ओरडतील माझ्यामागे. मग तुम्हीही आत आणि मीही आत."

हे कारण मी तेव्हा गिळलं. पण मला सांग, पोलीस तर केव्हाच गेले! आपल्याला स्वातंत्र्य मिळून चौदा वर्षं झाली. मग हा अजून क्षमा का मागतोय माझ्या तोंडाने? तबकडीवर मागितली, रेडिओवर मागितली, आता चाळीस वर्षांच्या समारंभात मागणार. तेव्हा पोलिसाला घाबरून मागितली म्हणे, आणि आता कुणाला घाबरतोय? घाबरत नाही. चटक लागली आहे. लोकांना रडणारी मुलगी आवडते, न जाणारी आवडत नाही, एवढं साधं आहे ते.

तो प्रसंग काढला त्या दिवसाचं सांगते, आजवर कुणाला सांगितलं नाही. खेड्यात थंडीचे दिवस होते, मेणा उचलणारे चौघे खरेच शेतमजूर होते आणि त्यांना वाटत होतं, मी खरंच नवरी आहे. एक म्हणाला, "पोरी, सासर लांब आहे का गं?" योमसाहेब म्हणाले, "पडदा सार, आईकडे बघ आणि काहीतरी बोल, चार अक्षरं. बोलणारा भरून घेईल." आईचं काम करणारी बाई कॅमेऱ्याच्या डाव्या हाताला शेकोटीवर हात शेकत उभी होती. मी तिच्याकडे बघितलंच नाही. मी सरळ कॅमेऱ्याच्या भिंगात बघितलं. माझ्यासमोर आपली आई होती, मडक्यांच्या मागे बसलेली, आणि तिच्या मागे तू. गाल पुसताना डाव्या गालावरचा ठिपका फरफटला. योमसाहेब ओरडले, "राहू दे तो ठिपका, राहू दे, बोल!" आणि मी बोलले.

वसंतात मेंग स्वतः सिनेमाचे डबे घेऊन गावोगाव फिरत गांगग्योंगला आला. पुढचं तू मला सांगितलंस. तोवर आई लोकांना सांगायची, "मला एकच मुलगी, तीही बहिरी." त्या दिवशी तू तिला ओढून थिएटरात नेलंस. मेंगने गळा काढला आणि आई बाकावरून उठून उभी राहिली. दुसऱ्या दिवशी बाजारात प्रत्येक गिऱ्हाइकाला सांगत सुटली, "माझ्या सोप्सोबीने अख्ख्या देशासमोर माझी क्षमा मागितली." आणि त्या दिवसापासून रोज जेवताना माझा भात वाढायला लागली. पितळी वाडगा भरायचा, वर झाकण ठेवायचं, आणि चुलीच्या धगीने उबदार जमिनीवर गोधडीखाली ठेवून द्यायचा, परगावी गेलेल्या माणसासाठी आया ठेवतात तसा. मी गेल्यावर पाच वर्षं तिने तो वाडगा काढला नव्हता. मेंगच्या एका वाक्यावर काढला.

आणि मी गेले नाही! हे काम संपू दे, पुढचं संपू दे. तीन वर्षांनी तार आली तेव्हा मी सिनेमात मरत होते. पोचले तर आईला नेलेलं होतं, आणि तू गोधडीखालून तो वाडगा काढून माझ्यासमोर ठेवलास. शेवटचा, आजारातसुद्धा तिने तुझ्याकडून भरून घेतलेला. गार झाला होता. मी सगळा खाल्ला. मग तुझ्याकडे वळून विचारलं, त्या मेण्यात मी काय बोलले होते? तू तर पाहिलंस ना? तू चुलीतली राख जमिनीवर पसरलीस आणि बोटाने लिहिलंस, "आईने ऐकलं तेच."

मला तेव्हा तुझा किती राग आला, तुला कल्पना नाही. अजून आहे. जगात एक माणूस माझे ओठ वाचू शकत होतं आणि त्यानेही मला मेंगचंच वाक्य परत दिलं. आईला वाईट वाटू नये म्हणून तू गप्प राहिलीस, ते मी समजू शकते. पण आई गेली होती, गान्नान. मला का नाही सांगितलंस?

मग बोलपट आले. वाटलं, आता तरी माझं मी बोलेन. मेंगची जात आता उपाशी मरणार म्हणून मनातल्या मनात मी टाळ्यासुद्धा वाजवल्या. परीक्षेला गेले, माइकपुढे उभी राहिले, चार वाक्यं म्हटली. काचेमागचा माणूस कानावरची यंत्रं काढून हसायलाच लागला. म्हणाला, "हा आवाज सोल-मेचा वाटत नाही हो." माझा आवाज माझा वाटत नाही! गांगग्योंगचा हेल, कोळंबी विकल्यासारखा मोठा सूर. सगळ्या देशाच्या कानात माझा आवाज म्हणजे मेंगने नाक दाबून काढलेला बारीक आवाज होता. मला काढून टाकलं आणि माझ्या जागी जी घेतली तिचा आवाज मेंगसारखा होता.

आता म्हातारपणी मी पुन्हा सिनेमात कामं करते, हिरोची आई, हिरोइनची आई, पाव तासात मरणारी आई. आणि तुला सांगते, अजूनही माझा आवाज लावत नाहीत. सगळं नंतर भरतात. रेडिओवरची बावीस वर्षांची एक मुलगी माझ्यासाठी बोलते आणि माझ्यासाठी खोकते. मी तिला सांगितलं, अगं, निदान खोकला तरी नीट काढ, क्षयाची बाई आहे, मांजर नाही. ती वाकून नमस्कार करून म्हणाली, "आई, तुमचे ओठ फार स्पष्ट हलतात, आम्हाला भरायला सोपं जातं." चांगली पोर आहे. तिचा राग येत नाही मला.

आता टोपी. समितीचं पत्र आलं त्याच्या आदल्या आठवड्यात मी दक्षिण दरवाजाच्या बाजारात मुळे घ्यायला गेले होते. एक हमाल पाठीवरची लाकडी चौकट टेकवून दोरी बांधत होता, डोकं खाली, टोपी माझ्या अगदी नाकासमोर. गवताच्या टोपीला हल्ली फितीऐवजी जुन्या फिल्मची पट्टी लावतात, चमकते म्हणून, पाहिलं असशील तू. आमचे सगळे सिनेमे तिथे गेले. युद्धात जे जळलं नाही ते कुणीतरी किलोवर विकलं आणि टोपीवाल्यांनी कापून घेतलं. लोक ज्यांच्यासाठी ढसाढसा रडले ते बांगचं प्रेम, माझी मरणं, सगळं शेतकऱ्यांच्या आणि हमालांच्या डोक्यावर उन्हात फिरतंय, आणि हे चाळीस वर्षांचे समारंभ करतायत!

ऊन त्या पट्टीतून आरपार येत होतं. इवल्या इवल्या चौकटी, प्रत्येकीत एक नवरी. डाव्या गालावरचा ठिपका फरफटलेला.

मी त्या हमालाला म्हटलं, दादा, ही टोपी मला द्या. तो म्हणाला, "मावशी, डोकं माझं भाजेल की." मी म्हटलं, या पट्टीवर मी आहे. त्याने टोपी काढून बघितली, माझ्याकडे बघितलं, पुन्हा टोपीकडे बघितलं आणि शेजारच्या हमालाला म्हणाला, "अरे, या मावशीला उन्ह लागलंय." शेवटी मी माझी जांभळी छत्री त्याच्या हातात दिली आणि टोपी घेतली. मुळ्यांच्या जुड्या पाठीवर घेऊन तो जांभळ्या छत्रीखालून गेला आणि अख्खा बाजार हसला.

घरी येऊन भिंग घेऊन मोजल्या. एकतीस चौकटी. दांडा फिरवण्याच्या त्या वेगाने दोन सेकंदही नाहीत. माझ्या पाच सिनेमांतलं एवढंच उरलंय, आणि नेमकं तेच उरलंय. आता तू आरशासमोर उभी राहा आणि "ओमोनी" म्हण. मध्ये ओठ मिटतात, हो ना? आता "नाही जाणार" म्हण. ओठ कुठेच मिटत नाहीत. म्हणजे न्याय करायला कुणी नको, पोलीस नको, समिती नको. मिटलेल्या ओठांची एक चौकट आहे की नाही, एवढंच बघायचं.

मी बघितलं. पहिल्या दिसणाऱ्या चौकटीत माझं तोंड उघडं आहे, जीभ वरच्या दातांना टेकलेली. तो 'न' आहे. पण 'नाही'मध्येही न आहे आणि 'ओमोनी'च्या शेवटीही न आहे. पुढच्या चौकटींवर तोंडाशी डाग आणि ओरखडे आहेत, त्या हमालाच्या घामाचे, कुणाच्या कुणाच्या बोटांचे. आणि त्या 'न'च्या आधीच्या तीन-चार चौकटी टोपीवाल्याने पट्टीची दोन टोकं एकावर एक ठेवून शिवताना खाली दाबून टाकल्या आहेत.

आता जे लिहितेय ते हळू वाच. चार दिवसांपूर्वी मी समितीच्या कचेरीत भांडायला गेले होते. मेंग तिथेच बसला होता, कवळी लावून, एवढासा झालेला. मी सगळ्यांसमोर म्हटलं, मी 'नाही जाणार' म्हटलं होतं, हा खोटारडा आहे. तो रागावला नाही. म्हणाला, "सोल-मेबाई, पोलीस हे निमित्त होतं. दोन महिने, रोज दोन खेळ, पडद्यापासून दोन हातांवर उभा राहून मी तुमचं तोंड बघितलंय, तुमच्या आईनेही बघितलं नसेल इतकं. तुम्ही ओमोनीच म्हणालात. पुढचं मी भरलं." आणि गान्नान, मी समितीसमोरून तशीच उठले. मी घरी आले आणि तेव्हापासून भांडी आदळतेय. वर मी तुला इतकं ठासून लिहिलं की मी 'नाही जाणार' म्हटलं, पण खरं सांगू? मला आठवत नाही. ठिपका आठवतो, शेकोटी आठवते, आई आठवते, शब्द आठवत नाही. तीस वर्षं त्याचं वाक्य ऐकून ऐकून मी माझंच ओरडत राहिले, आणि ओरडता ओरडता खालचं मूळ कधी पुसलं गेलं ते कळलं नाही. दोनदा कात्री हातात घेतली आणि दोनदा खाली ठेवली. तुझा हात हलका आहे, आयुष्यभर शिवणकाम केलंस. ती शिवण तू उसव, त्या तीन-चार चौकटी उन्हात धर आणि माझे ओठ वाच. आई आता नाही, तिला वाईट वाटायचं नाही, म्हणून या वेळी मला राखेतलं उत्तर नको, खरं लिही. जे असेल ते मी त्या मेण्यात बसून मोठ्याने म्हणेन, गांगग्योंगच्या हेलात, आणि मेंगने शेजारी फक्त उभं राहायचं. पण समारंभासाठी नाही विचारत मी. आईने तीन वर्षं गोधडीखाली झाकून ठेवलेला भात मी खाल्ला आहे. तो माझ्या शब्दासाठी वाढला होता की त्याच्या, एवढं मला मरायच्या आधी कळू दे.

तुझीच,
सोप्सोबी